मायाक्काचा घोगऱ्या

सांगोल्याकडच्या माळावर मायाक्काचं नाव काढलं की बाया आधी पदर तोंडाला लावायच्या आणि मग म्हणायच्या, "ती व्हय? ती लांडग्यासंगं बोलती की!" यात खोटं काही नव्हतं. बोलत होतीच ती. पण कोणत्या लांडग्याशी बोलत होती आणि त्यातून निघालं काय, हे सांगायच्या आतच बायांना हसू फुटायचं आणि गोष्ट अर्धीच राहायची. अर्धी गोष्ट सांगून माणसाला टांगून ठेवायचं, ही काय रीत झाली? तेव्हा पहिल्यापासूनच सांगायला पाहिजे.

उजनीच्या धरणाचं काम चालू होतं, तो काळ. मायाक्का तेव्हा पस्तिशीच्या आसपासची. उंच, काटक, चालायला लागली की बरोबरच्या बाईला पळावं लागायचं. तोंडानं फटकळ. मनात एक आणि ओठावर एक हा प्रकार तिला जमायचाच नाही. तिचा नवरा महिपती दोन वर्षांपूर्वी गेला. पोटदुखीचं निमित्त झालं, तालुक्याला न्यायला गाडी जुंपेपर्यंत माणूस हातचा गेला. पोटी लेकरू नव्हतं. मागं उरलं ते मेंढरं, सामान वाहणारी एक खोडकर घोडी, बाज्या आणि चांदी ही दोन कुत्री, आणि सासू तानाबाई. तानाबाईचे दात सगळे पडले होते, पण जिभेला काही झालं नव्हतं. मेंढरं किती होती ते मात्र विचारू नका. धनगर मेंढरं मोजत नाही, तोंडं ओळखतो.

महिपती गेल्यावर भावकीत सगळ्यांनी धरूनच चाललं होतं की आता ही बाई मेंढरं विकणार. मायाक्कानं दिवस-कार्य उरकलं, डोळे पुसले, नवऱ्याची काठी खांद्यावर टाकली आणि मेंढरांमागं निघाली. "आता रडत बसू का मेंढरं उपाशी मारू?" एवढंच बोलली. रडली नाही असं नाही. पण ती मेंढरांच्या मागं चालता चालता रडली, आणि तिथं बघायला कोणी नव्हतं.

तिचा धाकटा दीर आण्णा सोलापुरात असायचा. सात रस्त्याजवळच्या एका कचेरीत शिपाई होता. मायाक्का नवरी होऊन आली तेव्हा हा शेंबडा पोरगा तिच्या पदराला धरून हिंडायचा. तिच्या हातची भाकरी खाऊनच वाढला. त्यामुळं त्याचा जीव तिच्यावर आईइतकाच, आणि एकदा जीव जडला की माणूस काळजी करकरून दुसऱ्याला नको नको करून सोडतो. दर खेपेला आला की त्याचं एकच पालुपद असायचं.

"वैनी, इका की ती मेंढरं. सोलापुरात दोन खोल्या हायती, नळ हाय, लाइट हाय. आईला घिऊन या, सुखानं ऱ्हावा."

मायाक्का एकदा आठवडाभर सोलापुरात राहून आली होती. नळावरची भांडणं ऐकून तिचे कान किटले, आणि आभाळाची कड कुठं दिसेना म्हणून जीव कासावीस झाला. आण्णानं मोठ्या हौसेनं तिला सात रस्त्याचा चौक दाखवला. ती बराच वेळ बघत राहिली. परत आल्यावर सासूला म्हणाली, "आत्याबाय, सात रस्तं हायती आन् एकावरबी मेंढरू न्हाई. मानसं जात्यात तरी कुटं?"

पण त्या दिवाळीला आण्णा हट्टालाच पेटला.

"दादा हुता तवर ठीक हुतं. आता ह्या माळावर तुमी दोघी. लांडगं हायती हितं. एकट्या बाईमानसाच्यानं लांडगा आवरत न्हाई, वैनी."

"लांडगा काय बाईमानूस बगून येतो व्हय?"

"तसं म्हना. पन माजा जीव हिकडं टांगलेला ऱ्हातो त्याचं काय?"

बोलता बोलता शेवटी पैज ठरली. गुढीपाडव्यापर्यंत लांडग्यानं एकही मेंढरू, एकही कोकरू नेलं नाही, तर आण्णानं जन्मात पुन्हा विकायचं नाव काढायचं नाही. एक जरी नेलं, तर मेंढरं बाजारात आणि सासूसुना सोलापुरात. मायाक्कानं बिरोबाचा भंडारा हातात घेऊन शब्द दिला. भंडारा उचलून दिलेला शब्द धनगराला मागं घेता येत नाही. आण्णा गेल्यावर तानाबाई म्हणाली, "वटवट करून बसलीस ना? आता आवर लांडगं."

माळावरच्या माणसाला लांडगा काही नवा नाही. तो असतो, आपण असतो. महिपती म्हणायचा, "माळ काय आपल्या बापाचा हाय? त्यो आपल्या आदी हितं हुता." मेलेलं कोकरू त्यांच्या घरात कधी पुरत नसत. लांब पडीक रानात नेऊन ठेवायचं आणि मागं वळून न बघता परत यायचं. तो लांडग्याचा वाटा. बदल्यात त्यानं जित्या कोकरांकडं बघायचं नाही, अशी अपेक्षा. लांडगा ती दरवेळी पाळायचा असं नाही. पण माणूस तरी आपला शब्द कुठं दरवेळी पाळतो?

आणि त्या घरात आणखी एक विद्या होती. दिवस मावळतीला टेकला की महिपती बांधावर उभा राहायचा, दोन्ही हातांची ओंजळ तोंडाशी धरायचा आणि थेट लांडग्यासारखी साद द्यायचा. आसपास लांडगा असला की त्याला राहवायचं नाही, तो तिकडून उत्तर द्यायचा. मग उत्तर आलं त्या बाजूला पाठ करायची. कोकरं कोंडायची दोरीची जाळी, म्हणजे वाघर, ती दुसऱ्या अंगाला ठोकायची आणि मेंढरंही दुसरीकडंच चारायची. "त्येला इचारलं की त्यो सांगतो, कुटं हाय त्ये. लांडगा लबाड बोलत न्हाई," असं महिपतीचं म्हणणं.

ही विद्या पुरुषांची. बाईनं लांडग्यागत ओरडलं तर घराला काहीतरी लागतं म्हणे. काय लागतं, ते कोणाला सांगता येत नव्हतं. महिपतीनं बायकोला ते चोरून शिकवलं होतं. शिकवताना दोघं एवढी हसली होती की घोडी बिथरून दावं तोडून पळाली, आणि मग अर्धा माळ तिच्यामागं पळताना पुन्हा हसली होती. नवऱ्याची आठवण आली की मायाक्काला तो दिवस आठवायचा.

दिवाळी सरली. बाजरी निघालेल्या रानात लेंडीखत पडावं म्हणून शेतकरी मेंढरं बसवून घेतात आणि बदल्यात धान्य देतात. तशी मायाक्का कुंडलिक नावाच्या शेतकऱ्याच्या रानात उतरली. रान चांगलं होतं. पूर्वेला खोल ओघळ, पश्चिमेला एक लांबलचक बुटकं टेकाड, मध्ये चरायला भरपूर. मेंढ्या व्यायला लागल्या होत्या, वाघरीत कोकरं उड्या मारत होती, आणि मायाक्का मात्र त्यांची तोंडं पुन्हा पुन्हा ओळखून घेत होती. एक कोकरू गेलं तरी सगळं गेलं.

पहिल्याच सांजेला ती बांधामागं गेली. इकडं तिकडं बघितलं. ओंजळ तोंडाशी धरली आणि साद दिली. आवाज आधी चिरकला, मग जमला. लांब, कडक, वर चढत गेलेला. तिचं तिलाच बरं वाटलं.

आणि काय सांगावं! टेकाडापलीकडून उत्तर आलं.

घोगरं, जाडंभरडं, शेवटी जरा घसरत गेलेलं. एकच आवाज. मायाक्काच्या अंगावर काटा आला, पण आनंदही झाला. विद्या साधली होती. ती धावत तळावर आली.

"आत्याबाय, टेकाडापल्याड हाय. एकटाच हाय. म्हातारा असंल, आवाज बसलाय त्येचा."

"माज्यासारका," तानाबाई म्हणाली.

मायाक्कानं कोकरांची वाघर लगोलग ओघळीकडच्या अंगाला नेली आणि टेकाडाकडं फिरकायचं नाही असं ठरवून टाकलं. दुसऱ्या दिवशी साद दिली, उत्तर तिकडूनच. तिसऱ्या दिवशीही तेच. मग रोजचंच झालं. मायाक्कानं त्याचं नाव घोगऱ्या ठेवलं.

"घोगऱ्या आज लवकर बोलला," ती भाकरी थापता थापता सांगायची. किंवा, "आज घोगऱ्याचा आवाज जड वाटतुया. सर्दी झाली का काय त्येला?"

"काढा करून दे की मग," तानाबाई म्हणायची. पण एक गोष्ट म्हातारीच्या ध्यानात आली होती. "मायाक्के, त्यो वरडतो तवा कुत्री गप कशी गं? बाज्या तर मान बी उचलत न्हाई."

"माजलीत. आयतं खाऊन आळशी झालीत," मायाक्का म्हणाली.

एवढी हुशार बाई, पण इथं चुकली. कुत्र्यांचं नाक सोडून तिनं सादेवर भरवसा ठेवला. महिपती म्हणाला होता ना, लांडगा लबाड बोलत नाही! मेलेल्या माणसाच्या शब्दापुढं बिचाऱ्या बाज्याचं कोण ऐकतंय?

दिवस असे जात राहिले आणि एका सांजेला उत्तर आलं नाही. मायाक्कानं पुन्हा साद दिली, तिसऱ्यांदा दिली. टेकाड मुकं. त्या दिवशी तिला भाकरी गोड लागली नाही. लांडगा कुठं आहे ते कळलं नाही म्हणून काळजी वाटते, असं तिनं स्वतःला सांगितलं. दुसऱ्या दिवशी तो घोगरा आवाज आला तेव्हा तिच्या छातीवरचं ओझं उतरलं, आणि चोरटं हसू तिच्या तोंडभर पसरलं. काळजी उतरल्यावर माणूस असं लाजून हसत नाही, पण हे तिला सांगणार कोण?

कुंडलिकाची बायको मथुराबाई अधूनमधून रानात यायची. एक दिवस ती म्हणाली, "टेकाडापल्याड बी एक धनगर उतारलाय. मंगळवेड्याकडचा हाय, येडू म्हनत्यात. एकटाच हाय बिचारा."

मायाक्कानं हातातलं काम टाकलं. "आगं बया! तितं तर लांडगा हाय. त्येला सांगा की, संबाळून ऱ्हा म्हनावं."

मथुराबाईनं निरोप पोचवला आणि चार दिवसांनी उलटा निरोप आणला. "त्यो म्हनतो, माज्याकडं कुटला लांडगा? लांडगा तुमच्याच अंगाला हाय. तुमीच संबाळा."

"मला शिकवतुया व्हय!" मायाक्का उखडली. "म्या रोज कानानं ऐकती. बहिरा हाय का त्यो?"

तोही निरोप गेला. तिकडून आला, "बहिरी ती असंल." मथुराबाईला भलतीच गंमत वाटायला लागली. दोन्ही रानं तिच्याच नवऱ्याची, त्यामुळं तिच्या चकरा वाढल्या. पण दोघांपैकी एकानंही टेकाड ओलांडलं नाही. ओलांडणार कसं? जिकडं लांडगा, तिकडं जायचं नाही.

मग संक्रांतीच्या आदल्या दिवशी, भोगीला, व्हायचं ते झालं. आभाळ भरून आलं होतं. मथुराबाईनं तीळ लावलेल्या बाजरीच्या भाकरी आणि भोगीची भाजी दिली होती. मायाक्कानं साद दिली, टेकाडावरून घोगऱ्यानं उत्तर दिलं. ती निर्धास्त होऊन एका मेंढीखाली सोडायला तिचं कोकरू शोधत होती, तेवढ्यात ओघळीच्या काठावर लांडगा येऊन उभा राहिला.

नुसता उभा. उघड्यावर. जसा काही दाखवायलाच आला होता. बाज्या आणि चांदी बाणासारखी सुटली. लांडगा लंगडल्यासारखं करत ओघळीच्या काठानं पळायला लागला आणि कुत्री त्याच्यामागं लांब लांब गेली. मायाक्काला कळेना. घोगऱ्या तर तिकडं आहे, मग हा कोण?

तोवर दुसरा मागून वाघरीत शिरला होता.

कोकरं एकदम कलकलली. मायाक्का वळली तर काय, तांबड्या तोंडाचं कोकरू, तिच्या हातावर वाढलेलं, लांडग्याच्या तोंडात! ती काठी घेऊन ओघळीच्या बाजूनं धावली, म्हणून लांडग्याला तिकडं जाता येईना. त्यानं टेकाडाची वाट धरली. मायाक्का त्याच्यामागं. "ह्योऽ! ह्योऽ! सोड रं मुडद्या, सोड!" पायातली वहाण गेली, डोक्यावरचा पदर गेला. लांडगा पुढंच. जीव खाऊन पळताना तिच्या डोळ्यांसमोर एकच दिसत होतं, तो नळ, त्या दोन खोल्या आणि ते सात रस्ते.

टेकाडाच्या माथ्यावर अचानक एक माणूस उगवला. तांबडा पटका, खांद्यावर घोंगडी, दोन्ही बाजूंना दोन कुत्री. त्यानं आव बघितला ना ताव, खांद्यावरची घोंगडी ओढली आणि लांडग्याच्या अंगावर फेकली. लांडगा दचकला, घोंगडीखालून धडपडत सुटला, आणि कोकरू तिथंच टाकून उताराला लागला. कुत्री त्याच्यामागं गेली. माणसानं कोकरू उचललं. ते थरथरत होतं, मानेतून रक्त येत होतं, पण जिवंत होतं.

तळावर आणल्यावर तानाबाईनं तेल-हळद चेपली, चिंधी बांधली. आण्णानं दिवाळीला आईसाठी सोलापुरी चादर आणली होती, ती पेटीतून काढून कोकराला गुंडाळली. "घोंगडी आसताना म्या कशाला पांघरू? कुनाच्या तरी उपेगी पडली," म्हणाली. तो माणूस उकिडवा बसून धापा टाकत होता. चाळिशीचा, रुंद खांद्यांचा, बायको जाऊन काही वर्षं झालेली, एकट्यानं मेंढरं राखणारा. हाच तो येडू.

"तरी म्या म्हनत हुतो," तो म्हणाला, "ही लांडगीन कवातरी घात करनार. लई दिस झालं, रोज सांजचं वरडती."

"कुटनं वरडती?" मायाक्कानं विचारलं.

"ह्या तुमच्याच बांधामागनं. लई कडक आवाज. तिच्यापायी म्या टेकाड वलांडलं न्हाई. तिकडच्या खडकाळीतच मेंढरं चारली, वाळून गेली बिचारी."

मायाक्काचा हात कोकराच्या पाठीवर तसाच राहिला. "आन् तुमच्याकडचा? त्यो घोगऱ्या आवाजाचा?"

"आमच्याकडं कोन न्हाई. सांजचं तितं म्या एकटाच असतो. कुटं हाय त्ये कळाया, उबा ऱ्हाऊन त्या लांडगीनीला साद..." आणि येडूचं तोंड उघडं ते उघडंच राहिलं.

दोघं एकमेकांकडं बघायला लागली. मायाक्काचे कान तापले. येडूनं पटका काढला, पुन्हा घातला. तेवढ्यात तानाबाईला हसू फुटलं. ती हसता हसता घोंगडीवर आडवी झाली.

"आगं बया, बया, बया! दिवाळीपासनं दोघं एकमेकाला भिऊन बसलासा? आन् ती खरी लांडगीन ओघळीत पिल्लं घालून गप पडली आसंल. पिल्लांची आई कशाला गावभर बोंबलत बसंल? बाज्या, तूच रं शाणा बाबा! ह्या दोगांत तूच काय तो शाणा!"

"आवाज हाय का काय तुमचा!" मायाक्का येडूवर उखडली. "मानसाचा वाटतच न्हाई."

"तुमचा तरी कुटं वाटतो?" येडू म्हणाला, आणि मग तोही हसला. हसतानासुद्धा आवाज घोगराच.

दुसऱ्या दिवशी मायाक्कानं वाघर ओघळीपासून लांब आणली. येडू खडकाळीतून उठला आणि शेजारच्या रानात मेंढरं घेऊन आला. चार कुत्री एकत्र झाली. मथुराबाई म्हणाली, "ओघळीत इख टाका की, एकदाचं निस्तरंल." त्यावर मायाक्का तिच्या अंगावरच आली. "इख टाकलं की आदी माजी कुत्री मरत्याल. आन् लेकरंवाल्या बाईला इख घालायचं व्हय? तिच्या पोटाला लागलं, ती आली. आमी तिच्या दारात जाऊन बसलो, चूक आमची हाय." येडू मान हलवून "खरं हाय" म्हणाला. सांज झाली की तो कोकराची मान बघायला यायचा. कोकराची मान बरी होत आली तरी यायचा.

थोड्याच दिवसांत आण्णा रजा काढून आला. हातात शेंगाच्या चटणीचा पुडा, चेहऱ्यावर काळजी. आल्या आल्या त्याची नजर कोकराच्या मानेवरच्या चिंधीवर गेली.

"ह्येला काय झालं?"

"बाबळीच्या काट्यात आडाकलं," तानाबाईनं डोळ्याची पापणी न हलवता सांगितलं.

 मायाक्का गप्प बसली असती तर भागलं असतं. पाडव्याला दोनच महिने उरले होते. पण भंडारा उचलला होता, आणि समोर आण्णा होता, ज्याला तिनं लहानाचा मोठा केला होता.

"न्हाई, भावजी," ती म्हणाली. "आत्याबाय लबाड बोलत्यात. लांडग्यानं न्हेलं हुतं, ह्या पावण्यांनी सोडवून आनलं." आणि तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं. महिपतीच्या मागं ती माणसांसमोर पहिल्यांदाच रडली.

आण्णाला जिंकल्याचा आनंद झाला नाही. तो मटकन खाली बसला. येडू जरा अंतरावर दोरी वळत होता, त्याचे हात थांबले.

"न्हेलं मंजी काय रं?" तानाबाई कडाडली. "लांडग्याच्या पोटात गेलं तर न्हेलं म्हनायचं. आन् ह्ये बग!" तिनं चादरीचा कोपरा आण्णाच्या नाकाशी धरला. "तुज्या सोलापुरी चादरीत रोज मुततंय. न्हेलेलं कोकरू चादरीत मुततं व्हय?"

आण्णाला हसू आवरेना. डोळे पुसत मायाक्काही हसली.

"बरं बाई, न्हाई न्हेलं," आण्णा म्हणाला. मग येडूकडं वळला. "पन पावणं, तुमी आनलं म्हनून परत आलं. आज तुमी हुता. उद्या तुमी नसला मंजी?"

येडूनं हातातली दोरी खाली ठेवली. जमिनीकडं बघत म्हणाला, "नसला कशाला? असतो की."

 धनगरात विधवा बाईनं दुसरं घर करणं काही जगावेगळं नाही. चार माणसं बसवून म्होतूर लावतात. पण असं भर दुपारी, दिरासमोर, सासूसमोर, दोरी वळता वळता कोण विचारतं?

आण्णानं आईकडं बघितलं. तानाबाईनं कोकराची चादर नीट केली. गेलेला लेक तिच्याही डोळ्यांसमोर आलाच असेल. मग ती म्हणाली, "माज्याकडं काय बगतुयास? ती जाईल तितं म्या जानार. पोटच्या पोरीगत संबाळलं हिनं मला. आता ह्या वयात सून बदलू व्हय?"

"आन् मेंढरं?" येडू घाईनं म्हणाला. "रीतीपरमानं ती तुमच्या घरची. मला मेंढरू नको."

"घिऊन काय करू?" आण्णा म्हणाला. "सात रस्त्यावर चारू? वैनीची हायती ती. दादाच्या मागं तिनंच जगावली. हिथनं फुडं इकायचं नाव काढलं तर माजं तोंड फोडा."

मायाक्का उठली. एक शब्द न बोलता बांधाकडं चालायला लागली आणि बांधामागं दिसेनाशी झाली.

"रागावली का काय?" आण्णा हळूच म्हणाला. येडूचा चेहरा पार उतरला.

तेवढ्यात बांधामागून साद आली. लांब, कडक, वर चढत गेलेली.

"लांडगा!" आण्णा काठी घेऊन ताडकन उभा राहिला. "भर दुपारचा! आई, वाघरीकडं बग!"

"खाली बस, येड्या," तानाबाई म्हणाली. पदरानं डोळे टिपत तिनं येडूकडं बघितलं. "उत्तर द्या की, पावणं. खोळंबलीया ती."

येडू उठला. आण्णासमोर लाजून लाल झालेला तो रुंद खांद्यांचा गडी, त्यानं दोन्ही हातांची ओंजळ तोंडाशी धरली. आवाज रोजच्यापेक्षा जास्तच घोगरा निघाला आणि शेवटी पार घसरला. बाज्यानं एक डोळा उघडून त्याच्याकडं बघितलं आणि पुन्हा मिटून घेतला.